टेराला विसरू द्यावं का?

आमच्या इंदरगंजच्या घरात 'टीन टायटन्स' शिरलं ते मुलाच्या शाळेच्या दिवसांत. दप्तर फेकायचं, पोह्यांची बशी घ्यायची आणि कार्टून नेटवर्क लावायचं. मी कुरकुर करायची. पण त्यातला हिरवा बीस्ट बॉय मला आवडून गेला, कारण तो मांस खात नाही. ज्या प्राण्यांची रूपं आपण घेतो त्यांनाच खायचं कसं, असं त्याचं म्हणणं. प्रवचनातल्या 84 लक्ष योनी मुलाला पटल्या नव्हत्या, त्या या पोरानं पटवल्या!

मालिका 2003 ते 2006 एवढीच चालली, भाग 65. मुलगा आता पुण्यात नोकरीला आहे, तरी दिवाळीला आला की तीच लावून बसतो. मागच्या खेपेला शेवटचा भाग मीही बघितला.

टेरा ही या पाचजणांची मैत्रीण. ती स्लेडला फितूर होते, मित्रांवर उलटते आणि शेवटी शहर वाचवताना दगड होऊन जाते. शेवटच्या भागात तो दगड जागेवर नाही, आणि बीस्ट बॉयला शाळेच्या गणवेशात हुबेहूब तशीच मुलगी दिसते. तो तिला जुन्या जागी नेतो. तिला काही आठवत नाही. तिची भूमितीची परीक्षा आहे. ती टेराच की दुसरी कोणी, हे मालिका सांगतच नाही.

"आई, इतकी वर्षं झाली, पण हा भाग पचत नाही बघ," मुलगा म्हणाला. मला वाटतं, पचत नाही म्हणूनच लोक पुन्हा बघतात. राक्षस मेला की गोष्ट संपते. मैत्रिणीनं ओळख दिली नाही, तर ती कशी संपायची?

माझीही एक टेरा आहे. तिनं घरातली गोष्ट बाहेर फोडली आणि माझ्या धाकट्या बहिणीचं ठरलेलं लग्न मोडलं. दर क्षमावाणीला मी साऱ्या गल्लीला 'उत्तम क्षमा' म्हणत आले, तिचं घर सोडून. एकदा भाजीच्या ठेल्यापाशी भेटली, तर हसून मुलांची चौकशी केली. तिला आठवतच नव्हतं! लग्न मोडलं तेव्हा आला नसेल एवढा संताप मला त्या दिवशी आला.

म्हणजे मला क्षमा करायची होती, की तिनं ती मागावी म्हणून मी अडून बसले होते? बीस्ट बॉय तिला सोडून मित्रांच्या मदतीला धावतो खरा, पण ते त्याला सोपं गेलं असं दाखवलेलं नाही. हे मला बरं वाटलं. बहिणीला फोनवर सांगितलं तर म्हणाली, "ताई, मी केव्हाच सोडून दिलं. तूच धरून बसलीस."

यंदा क्षमावाणीला मंदिरातून परतताना तिच्या फाटकापाशी थांबले. आत कुकरच्या शिट्ट्या चालल्या होत्या. तीन मोजल्या, आणि घंटी दाबली.