दगडातला दोष आणि मूर्तीचे देवपण

मूर्तीचे देवपण घडवणाऱ्या हाताचे की दगडाचे, हा प्रश्न कर्नाटकात शिल्पकार जकणाचारीच्या लोककथेने फार धारदारपणे मांडला आहे. होयसळ राजा विष्णुवर्धनाने १११७ मध्ये बेलूरला चेन्नकेशवाची प्रतिष्ठापना केली. कथेनुसार, तिथे जकणाचारीने घडवलेल्या एका मूर्तीचा दगड सदोष आहे, असे डंकण नावाच्या तरुणाने म्हटले. दोष निघाला तर उजवा हात तोडीन, अशी प्रतिज्ञा जकणाचारीने केली. मूर्तीला चंदनाचा लेप दिला. सारे अंग वाळले, बेंबीभोवती मात्र ओल राहिली. तिथे छिन्नी लावताच पाणी, वाळू आणि बेडूक बाहेर आला. जकणाचारीने हात तोडला. तो तरुण त्याचाच मुलगा निघाला. पुढे बेंगळुरूच्या वायव्येला, तुमकुरूजवळच्या कैदाळ गावी केशवाचे मंदिर बांधल्यावर त्याला हात परत मिळाला, असे सांगतात.

याच कथेवर बी. एस. रंगा यांनी १९६४ मध्ये ‘अमरशिल्पी जकणाचारी’ हा चित्रपट काढला. कल्याणकुमार आणि बी. सरोजादेवी यांचा हा पहिला संपूर्ण रंगीत कन्नड चित्रपट. त्याच वर्षी व्ही. शांताराम यांनीही ‘गीत गाया पत्थरोंने’मध्ये शिल्पकारालाच नायक केले. देवळातली मूर्ती आपण कशा घडलो ते सांगत नाही. कथा ते सांगते, पण डोळ्यांपुढे आणण्याचे काम ऐकणाऱ्यावर सोडते. पडद्यावर दगड, हात आणि चेहरा एकत्र दिसतात. म्हणून दोष दगडात सापडला तरी परीक्षा शिल्पकाराच्या अहंकाराची होती, हे तिथे सहज उमगते.

यात एक अन्यायही झाला. बेलूरच्या शिल्पांवर बळ्ळिगावेचा दासोज, त्याचा मुलगा चावण अशा कारागिरांची नावे कोरलेली आहेत. जकणाचारीचे नाव तिथे नाही. अनेकांचे श्रम कथेने एकाच्या पदरी घातले आणि चित्रपटाने ते पक्के केले. खऱ्या बापलेकांची नावे दगडावर असूनही लोकांच्या तोंडी नाहीत, ही खंत वाटण्याजोगी गोष्ट आहे.

मूळ प्रश्नाकडे ज्ञानेश्वरांच्या ‘अमृतानुभवा’तून पाहता येते. देव, देऊळ आणि परिवार एकाच डोंगरातून कोरता येतात, मग तसा एकपणातही भक्तीचा व्यवहार का होऊ नये, असा तिथला दृष्टांत आहे. त्या न्यायाने बेडकाची पोकळीही त्याच डोंगराची ठरते. खंडित मूर्ती पूजेला चालत नाही, असा शास्त्राचा दंडक. पण कथा मानणाऱ्या लोकांनी बेलूरच्या त्या केशवाला टाकले नाही. कप्पे म्हणजे बेडूक, आणि त्याला ते कप्पे चेन्निगराय म्हणतात.