जवळून पाहण्याची नीती

जिव्हाळ्याने पाहणाऱ्याला पाहण्याचा अधिकार आपोआप प्राप्त होतो काय? दलित आत्मकथनांच्या चर्चेत मराठी समीक्षेने या प्रश्नाला अनेकदा स्पर्श केला. परंतु तेथे भोगणारा आणि लिहिणारा एकच असल्याने त्याचे उत्तर बव्हंशी गृहीत धरले गेले. चित्रपटाच्या माध्यमात ही सोय उरत नाही.

भिंगारच्या छावणीला लागून असलेल्या अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) शहरातील न्यू आर्ट्स, कॉमर्स अँड सायन्स महाविद्यालयात संज्ञापनाचे शिक्षण घेत असताना नागराज मंजुळे यांनी ‘पिस्तुल्या’ (२००९) हा लघुपट केला. शाळेची ओढ असलेला एक मुलगा आणि ती ओढ परवडू न देणारी परिस्थिती, एवढाच त्याचा ऐवज. दिग्दर्शकाच्या पहिल्या कृतीसाठी नॉन-फीचर विभागात दिला जाणारा राष्ट्रीय पुरस्कार या लघुपटाला मिळाला. करमाळा तालुक्यातील जेऊर येथे वडार समाजात वाढलेल्या दिग्दर्शकाला हे जग परके नव्हते. नैतिक प्रश्न मात्र या परिचयाने सुटत नाही. उलट तो येथूनच सुरू होतो.

अहमदनगर जिल्ह्यात जन्मलेल्या दया पवार यांनी ‘बलुतं’मध्ये (१९७८) एक अर्थपूर्ण रचना योजली. दगडू पवार आपली कहाणी दया पवार या लेखकाला सांगतो. सोसणारा आणि शब्द देणारा यांच्यात शिक्षणाने पाडलेली फट तेथे उघडपणे मान्य केलेली आहे. आपल्या माणसांची लक्तरे वेशीवर टांगली, हा आक्षेप अशा आत्मकथनांवर स्वकीयांकडूनही घेतला गेला. तरीही लेखक स्वतःलाच उघडे करत होता, हा त्याचा बचाव होता. ‘पिस्तुल्या’त उघडा पडतो तो सूरज पवार या बालकलाकाराचा चेहरा. दिग्दर्शकाची आठवण कितीही खरी असली, तरी ती दुसऱ्याच्या देहावर वठवावी लागते. ज्याच्या हाती कॅमेरा आला तो आता पूर्वीच्या जागी पुरता उभा नसतो.

‘पावसाचा निबंध’ (२०१७) या लघुपटात हा पेच अधिक नेमका होतो. शाळेतून पावसावर निबंध लिहायला सांगितला आहे. घरात तोच पाऊस छपरातून गळतो आहे. पावसाचे सौंदर्य वर्णिण्यासाठी डोक्यावर कोरडे छप्पर लागते, म्हणजेच सौंदर्यदृष्टीलाही एक भौतिक अट असते, हे येथे कोणत्याही भाष्याविना जाणवते. मात्र पडद्यावरचा पाऊस प्रेक्षकाला सुंदर वाटतोच. निबंध मागणाऱ्या शाळेच्या जागी नकळत प्रेक्षक जाऊन बसतो, आणि दिग्दर्शकही त्या मोहातून सर्वस्वी मुक्त नाही. हे या कृतीचे वैगुण्य मानण्यापेक्षा तिने पत्करलेली जोखीम मानणे अधिक न्याय्य ठरेल.

या दोन लघुपटांच्या मधे आलेल्या ‘फँड्री’ (२०१३) या पूर्ण लांबीच्या चित्रपटाचा शेवट या संदर्भात पुन्हा पाहण्याजोगा आहे. कैकाडी कुटुंबातील जब्या अखेरीस दगड भिरकावतो, तो थेट कॅमेऱ्याच्या दिशेने. त्याचा अर्थ सामान्यतः समाजावरचा प्रहार असा लावला जातो. परंतु त्या दिशेला समाजाप्रमाणेच कॅमेरा आहे, आणि कॅमेऱ्यामागे दिग्दर्शक. पाहिला जाणारा येथे पाहणाऱ्याला जाब विचारतो.

तरीही एक शंका उरते. तो दगडही दिग्दर्शकानेच मारायला सांगितलेला असतो. ऋण त्यामुळे फिटत नाही. ते केवळ मान्य केले जाते. परका माणूस पाहून निघून जाऊ शकतो. आपल्या माणसाला मात्र त्याच गावात, त्याच माणसांसमोर परत जावे लागते. जवळीक हा पाहण्याचा परवाना नव्हे. उत्तर देण्याचे बंधन आहे. व्यक्तिगत, निरीक्षणप्रधान लघुपटांची समीक्षा करताना अनुभवाच्या सच्चेपणाबरोबरच, पाहणाऱ्याने स्वतःला दगडाच्या टप्प्यात ठेवले आहे काय, हेही तपासावे लागेल.