बंदिशाळेतील कला आणि आत्मोद्धार

श्रीमद्भगवद्गीतेच्या सहाव्या अध्यायात अर्जुन मनाच्या चंचलतेची व्यथा मांडतो आणि भगवान त्यावर अभ्यास व वैराग्य हे दोन उपाय सांगतात. ही व्यथा जशी गृहस्थाची, तशीच गजाआड दिवस कंठणाऱ्या बंद्याचीही आहे. किंबहुना त्याची अधिक. भूतकाळ त्याला सोडत नाही आणि भविष्य त्याला दिसत नाही.

अशा माणसाच्या हाती कुंचला, माती अथवा हातमाग आला, तर त्याला अभ्यासाचे एक साधन लाभते. रेघ नीट यावी म्हणून हात स्थिर करावा लागतो आणि हात स्थिर राहावा म्हणून मन आवरावे लागते. ज्या हातांनी एकदा मोडतोड केली, तेच हात काही घडवूही शकतात, हा अनुभव त्याला येतो. मनुष्याने आपला उद्धार आपणच करावा, या गीतेच्या उपदेशाचा हा आरंभच होय.

बंदिशाळा तपोभूमी होऊ शकते. लोकमान्य टिळकांचे ‘गीतारहस्य’ मंडालेच्या तुरुंगात लिहिले गेले. १९३२ साली विनोबांनी धुळ्याच्या तुरुंगात गीतेवर अठरा प्रवचने दिली व साने गुरुजींनी ती टिपून घेतली.

कोणी म्हणेल, ‘हे तर देशभक्त होते; सामान्य गुन्हेगाराची त्यांच्याशी तुलना कशी व्हावी?’ याचे उत्तर औंध संस्थानाने दिले. तेथील अधिपती बाळासाहेब पंतप्रतिनिधी स्वतः चित्रकार होते. त्यांच्याच राज्यात १९३९ साली आटपाडीजवळ ‘स्वतंत्रपूर’ ही बंद्यांची खुली वसाहत उभी राहिली. तेथे बंद्यांनी भिंतीवाचून राहावे व शेती करावी, अशी योजना होती. १९५७ सालच्या ‘दो आँखें बारह हाथ’ या चित्रपटामागे याच प्रयोगाची प्रेरणा होती. दुराचारी मनुष्यही योग्य निश्चय करून वळला तर त्याला साधूच मानावे, असे नवव्या अध्यायात भगवंतांनी सांगितले आहे. जेथे भगवंत दार उघडतात, तेथे आपण ते लावणारे कोण?

परंतु बंद्याच्या चित्राचे कौतुक केल्याने आपले कर्तव्य संपत नाही. सरकारी आकडेवारीनुसार २०२२ च्या अखेरीस देशातील तुरुंगांत ५,७३,२२० बंदी होते. त्यांपैकी ४,३४,३०२ जणांचे खटले निकालात निघाले नव्हते. म्हणजे शंभरातील पंचाहत्तरांहून अधिक जणांचा अपराध अद्याप सिद्ध झालेला नव्हता. जामीन मंजूर होऊनही जामीनदार न मिळाल्याने गरीब मनुष्य आतच राहतो. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या कायद्यात, प्रथमच आरोपी झालेल्याने कमाल शिक्षेचा एक तृतीयांश काळ कोठडीत काढला असेल, तर काही अपवाद सोडून त्याची सुटका करावी, अशी तरतूद आहे. पण कायदा कागदावर राहिला, तर कोठडीचे दार आपोआप उघडत नाही.

म्हणून गृहस्थहो, बंद्यांच्या हातची वस्तू घ्यावी, पण दयेने नव्हे, तिचे योग्य मोल देऊन घ्यावी. सुटून आलेल्यास काम द्यावे. निराधार बंद्याला वकील व जामीनदार मिळवून देण्यास हातभार लावावा. खटले लवकर निकाली निघावेत, म्हणून लोकप्रतिनिधींकडे आग्रह धरावा. सर्वांभूती एकच परमात्मा नांदतो असे आपण नित्य म्हणतो. तो तुरुंगाच्या भिंतीपाशी थांबत नाही. त्याचे तेथेही दर्शन घडो, हीच श्रीकृष्णचरणी प्रार्थना.