दामदुपटीची रेषा

साडेआठ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतलेल्या गृहकर्जाला लाखामागे महिन्याला ८६८ रुपये हप्ता बसतो. यवतमाळ-अमरावती रस्त्यावरच्या नेरमध्ये एखाद्या शिक्षकाने लेआउटमधल्या प्लॉटवर घर बांधायला २० लाख काढले, तर त्याचा हप्ता होतो १७,३५६ रुपये. कर्जाची चौकशी बहुतेक घरांत या आकड्यापाशी थांबते. पगारातून एवढे गेले तरी घर चालेल ना, चालेल, मग घ्या. अशा २४० हप्त्यांची बेरीज ४१ लाख ६५ हजार रुपये होते, हे मंजुरीपत्रावर सही करताना फारसे कोणी मांडून पाहत नाही. २० लाखांच्या मुद्दलावर २१ लाख ६५ हजार व्याज. घराच्या कर्जाची खरी किंमत समजून घ्यायची तर सुरुवात या बेरजेपासून करावी लागते.

व्याज इतके का वाढते, ते पहिल्याच हप्त्याची फोड केली की दिसते. १७,३५६ पैकी १४,१६७ रुपये त्या महिन्याच्या व्याजात जातात आणि मुद्दलातून फक्त ३,१८९ वळते होतात. बँक यात काही लबाडी करत नसते. शिल्लक मुद्दलावर व्याज आकारायचे आणि हप्ता मात्र शेवटपर्यंत सारखा ठेवायचा, तर सुरुवातीच्या हप्त्यांत व्याजच जास्त असणार. पाच वर्षे नेमाने भरणा केला की खात्यातून १० लाख ४१ हजार गेलेले असतात, मुद्दल मात्र २ लाख ३७ हजारांनीच उतरलेले असते. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १४३व्या हप्त्याला, म्हणजे बारावे वर्ष संपत आल्यावर. निम्मे मुद्दल फिटायला १३ वर्षे १० महिने लागतात. पाच-सात वर्षांनी घर विकायची किंवा बदलीच्या गावी दुसरे घ्यायची वेळ आली, की कर्ज अजून एवढे कसे शिल्लक, असा धक्का बसतो तो यामुळेच.

दराची घासाघीस सगळेच करतात. पाव टक्का कमी मिळावा म्हणून लोक यवतमाळच्या चार शाखा फिरतात आणि ते योग्यच आहे. मुदतीवर मात्र कोणी घासाघीस करत नाही, आणि खरा पैसा तिथेच जातो. तेच २० लाख, त्याच दराने, १५ वर्षांत फेडायचे ठरवले तर हप्ता १९,६९५ होतो. महिन्याला २,३०० रुपये जास्त, पण एकूण व्याज १५ लाख ४५ हजारांवर येते, म्हणजे सहा लाखांहून अधिक वाचतात. उलट मुदत ३० वर्षे केली तर हप्ता दोन हजारांनी उतरतो, व्याज मात्र ३५ लाख ३६ हजारांवर जाते. महिन्याच्या दोन हजारांच्या सवलतीसाठी जवळपास १४ लाख जास्त मोजायचे, असा हा व्यवहार आहे. मुदत वाढवून हप्ता हलका करून देणे ही सोय म्हणून सांगितली जाते. कर्जदाराच्या बाजूने पाहिले तर गृहकर्जातली सर्वांत महाग गोष्ट हीच.

व्याज किती झाले म्हणजे फार झाले, याचे एक माप या प्रदेशाला ठाऊक आहे. हिंदू विधीतला दामदुपटीचा नियम जुन्या मुंबई इलाख्याप्रमाणे वऱ्हाडातही न्यायालये मानत : थकलेले व्याज एका वेळी मुद्दलापेक्षा जास्त मागता येणार नाही. २०१४ च्या महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियमानेही परवानाधारक सावकाराला मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करायला बंदी घातली आहे. बँका या अधिनियमाच्या बाहेर आहेत. बँकिंग नियमन कायद्याच्या कलम २१-अ नुसार, व्याज जास्त आहे एवढ्याच कारणावरून न्यायालयाला बँकेचा व्यवहार पुन्हा उघडता येत नाही. शिवाय नेमाने हप्ता भरणाऱ्याचे व्याज थकतच नाही, त्यामुळे दामदुपटीचा जुना नियम शब्दशः त्याच्या कामाला आलाही नसता. तरीही माप म्हणून तो फार उपयोगी आहे. एकूण व्याज मुद्दलाएवढे कधी होते, हे हप्त्याच्या गणितातून काढता येते. साडेआठ टक्क्यांच्या कर्जात ही रेषा १८ वर्षे ८ महिन्यांच्या मुदतीवर येते. त्याहून लांब मुदत घेतली की घरासाठी घेतलेल्या प्रत्येक रुपयामागे रुपयाहून जास्त व्याज जाणार हे ठरलेले. दर १३ टक्के असेल तर हीच रेषा साधारण सव्वाबारा वर्षांवर येते. कायदा जी रेषा बँकेवर घालत नाही, ती कर्जदाराने आपली आपण आखून घ्यावी, इतका या मापाचा अर्थ.

मंजुरीच्या दिवशी ठरलेली मुदत शेवटपर्यंत तीच राहते असेही नाही. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे रिझर्व्ह बँकेच्या रेपो दरासारख्या बाह्य मापाशी जोडलेली आहेत. मे २०२२ पर्यंत रेपो ४ टक्के होता. फेब्रुवारी २०२३ मध्ये तो साडेसहा झाला. २०२१ च्या सुमारास पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी २० लाख घेतलेल्या शिक्षकाचा हप्ता १५,२०७ रुपये. दोन वर्षांनी त्याचे जवळपास १९ लाख शिल्लक आहेत आणि दर सव्वानऊ झाला, असे धरू. आता महिन्याचे व्याजच १४,६३५ होते. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जेमतेम पावणेसहाशे रुपये जातात आणि उरलेली १८ वर्षांची मुदत ताणून साडेपस्तीस वर्षांवर जाते. तोपर्यंत शिक्षक निवृत्त होऊन कितीतरी वर्षे लोटलेली असतील. मुदत तीच ठेवायची तर हप्ता १८,०७७ करावा लागतो.

त्या काळात अनेक कर्जदारांची मुदत त्यांना न विचारता वाढली. तक्रारी गेल्यावर रिझर्व्ह बँकेने १८ ऑगस्ट २०२३ रोजी परिपत्रक काढले. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, याची निवड कर्जदाराला द्यावी. स्थिर दरावर जाण्याचा पर्यायही तेव्हा बंधनकारक होता; ऑक्टोबर २०२५ पासून तो देणे न देणे बँकेच्या मर्जीवर आहे. मुदत इतकी वाढवू नये की हप्त्यातून व्याजही फिटणार नाही, असे त्यात आहे. निवड मात्र मागावी लागते. २०२५ मध्ये रेपो टप्प्याटप्प्याने सव्वापाच टक्क्यांवर आला. अशा वेळी हप्ता कमी करून घेण्याचा मोह टाळलेला बरा. हप्ता होता तोच ठेवला तर २०२२-२३ मध्ये वाढलेली वर्षे आपोआप कापली जातात.

नेरसारख्या गावात कर्ज तयार फ्लॅटसाठी क्वचितच घेतले जाते. प्लॉट आधी घेतलेला असतो, घर स्वतः उभे राहून बांधले जाते, आणि त्यामुळे खर्चाला वेगळ्याच वाटा फुटतात. काळ्या मातीत पाया खोल न्यावा लागतो, मुरूम भरावा लागतो, आणि अंदाजपत्रकातला पहिला आकडा पायातच कोलमडतो. बँक पैसे एकदम देत नाही. जोते, स्लॅब, प्लास्टर असे टप्पे पाहून देते, आणि दिलेल्या रकमेवर व्याज त्या दिवसापासून सुरू होते. बांधकाम वर्षभर रेंगाळले तर हे व्याजही द्यायचे आणि राहत्या घराचे भाडेही. स्लॅबपाशी पैसे संपले की मंगळसूत्र नाहीतर पाटल्या तारण जातात, कधी पतसंस्थेचे वैयक्तिक कर्ज येते. हे दुसरे कर्ज गृहकर्जाच्या हिशेबात कधीच दिसत नाही, पण घराच्या किमतीत ते धरलेच पाहिजे. पतसंस्थेचा दर सरळ व्याजाचा आहे का, हेही विचारावे. पाच वर्षांसाठी १२ टक्के सरळ व्याज म्हणजे घटत्या शिल्लकीच्या हिशेबाने २० टक्क्यांहून जास्त पडते.

प्रक्रिया शुल्क, वकिलाचा शोध अहवाल, मूल्यांकन, गहाणखताचे मुद्रांक शुल्क हे खर्च एकदाच येतात आणि डोळ्यांसमोर असतात. विम्याचे तसे नाही. कर्जासोबत एकरकमी हप्त्याची विमा पॉलिसी दिली जाते आणि तिची रक्कम कर्जातच मिळवली जाते. ६० हजारांचा असा विमा २० वर्षांत व्याजासह सव्वा लाखाला पडतो. कर्त्या माणसाचा विमा हवाच, कारण त्याच्या माघारी हप्ता घरच्यांच्या गळ्यात पडू नये. पण साधा मुदतीचा विमा वेगळा काढून त्याचा हप्ता दरवर्षी भरला, तर त्यावर वीस वर्षे व्याज द्यावे लागत नाही. १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जासोबत महत्त्वाच्या बाबींचे विवरणपत्र देणे बंधनकारक आहे. सगळे खर्च धरून पडणारा वार्षिक दर त्यात लिहिलेला असतो. मंजुरीपत्राआधी ते वाचावे.

गावातला सर्वांत मोठा फरक कागदांनी पडतो. अकृषक आदेश आहे, लेआउट मंजूर आहे, आखीव पत्रिका किंवा सातबारा नावावर आहे आणि पगाराची पावती आहे, अशा माणसाला राष्ट्रीयीकृत बँकेचे दार उघडे असते. शेतातले तुकडे पाडून विकलेला प्लॉट, वाटणी न झालेले वडिलोपार्जित घर, उत्पन्नाला कागद नाही, अशांना खासगी गृहवित्त कंपनीकडे जावे लागते. ८ लाखांचे कर्ज १५ वर्षांसाठी साडेआठ टक्क्यांनी मिळाले तर व्याज ६ लाख १८ हजार. तेच १३ टक्क्यांनी घ्यावे लागले तर १० लाख २२ हजार. मधले चार लाख कागद नसण्याची किंमत आहे, आणि ज्याच्याकडे कमी आहे त्यालाच ती भरावी लागते. दामदुपटीची रेषाही त्याच्या बाबतीत पंधरा वर्षांतच ओलांडली जाते. कर्जाच्या अर्जाआधी वाटणीपत्र, फेरफार, नियमितीकरण यांवर सहा महिने आणि थोडे पैसे घालवणे म्हणूनच फायद्याचे ठरते. व्याजाच्या घासाघिशीतून चार लाख कधीच सुटत नाहीत.

कास्तकाराची अडचण आणखी वेगळी. या ८ लाखांच्या महाग कर्जाचे वर्षाचे हप्ते १ लाख २१ हजारांवर जातात. लांब धाग्याच्या कापसाला २०२५-२६ चा हमीभाव ८,११० रुपये आहे. त्या भावानेही हे हप्ते म्हणजे १५ क्विंटल कापूस झाला. एकरी पाच क्विंटल धरले तर तीन एकरांचे सगळे पीक, बियाणे, फवारणी आणि वेचणीचा खर्च न काढता. पैसा येतो दिवाळी ते होळीच्या दरम्यान, हप्ता मात्र जून-जुलैतही त्याच तारखेला कापला जातो. खात्यात रक्कम नसली की परतीचे शुल्क लागते, वर बँकेचा दंड. १ एप्रिल २०२४ पासून हा दंड व्याजदरात मिळवून त्यावर पुन्हा व्याज लावता येत नाही, एवढा दिलासा मिळाला आहे. ९० दिवस थकले की खाते अनुत्पादित ठरते आणि २००२ च्या सरफेसी कायद्याखाली, तारण ताब्यात घेण्याआधीची, ६० दिवसांची नोटीस निघू शकते. पिकाच्या पैशावर घर बांधणाऱ्याने निदान सहा हप्त्यांची रक्कम वेगळी ठेवल्याशिवाय कर्जाला हात घालू नये. त्याच्याकरता वार्षिक किंवा सहामाही हप्त्याचे गृहकर्ज सर्रास मिळत नाही, ही पतव्यवस्थेची मोठी उणीव आहे.

कर्जाच्या बाजूने बोलण्यासारखेही आहे. महागाईने रुपया झिजतो, त्यामुळे पंधराव्या वर्षीचे १७,३५६ रुपये आजच्याएवढे जड नसतात. महागाई भत्ता वाढत जाणाऱ्या शिक्षकाला हे खरेच लागू पडते. कापसाच्या भावावर जगणाऱ्याला त्याचा भरवसा धरता येत नाही. प्राप्तिकराच्या सवलतीवर मात्र आता फार विसंबू नये. राहत्या घराच्या व्याजावरची दोन लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत मिळते, नव्या पद्धतीत नाही. आणि २०२५-२६ पासून नव्या पद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नाला सर्वसाधारणपणे कर लागतच नाही. करच नसेल तर वाचणार काय? प्रधानमंत्री आवास योजना (शहरी) २.० मधली व्याज सवलत पात्र कुटुंबाला जास्तीत जास्त १ लाख ८० हजारांपर्यंत, पाच वार्षिक हप्त्यांत मिळते. तिची चौकशी नगरपरिषदेत जरूर करावी. पुण्या-नागपूरकडे प्लॉटचे भाव वाढले की व्याज भरून निघाल्यासारखे वाटते. तालुक्याच्या गावात बांधलेले घर विकायला गिऱ्हाईक मिळणेच अवघड असते, म्हणून भाववाढ हिशेबात धरू नये.

कर्जाची ही किंमत कमी करण्याचा सर्वांत परिणामकारक उपाय कर्जदाराच्याच हातात आहे. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी भरणा केला तर व्यक्तीकडून दंड घ्यायचा नाही, असे रिझर्व्ह बँकेने बँकांना २०१२ मध्येच बजावले. साडेआठ टक्क्यांच्या, २० लाखांच्या त्या कर्जात पहिल्या वर्षाअखेर एक लाख जादा भरले तर शेवटचे सव्वीस हप्ते गळतात आणि ३ लाख ५६ हजार व्याज वाचते. तेच एक लाख बाराव्या वर्षाअखेर भरले तर वाचतात सुमारे ९० हजार. दरवर्षी एक हप्ता जादा भरत गेले तर कर्ज पावणेसतरा वर्षांत संपते, चार लाखांहून अधिक वाचतात आणि एकूण व्याज मुद्दलाच्या आत राहते. जादा रक्कम भरताना, ती मुद्दलात जमा करून मुदत कमी करावी, असे लेखी द्यावे. नाहीतर हप्ता कमी केला जाण्याची शक्यता असते आणि अर्ध्याहून अधिक फायदा तिथेच जातो.

शेवटच्या हप्त्यानंतरही एक काम उरते. १ डिसेंबर २०२३ पासून कर्ज पूर्ण फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत देणे बँकेवर बंधनकारक आहे. बँकेमुळे उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कागद आणि बेबाकी दाखला हातात आल्यावर आखीव पत्रिकेवरचा किंवा सातबाऱ्यावरचा बोजा उतरवण्यासाठी भूमी अभिलेख कार्यालयात किंवा तलाठ्याकडे अर्ज करावा लागतो. तो न केल्यास वीस वर्षे फेडलेले कर्ज नोंदीत तसेच दिसत राहते, आणि पुढे वाटणी, विक्री किंवा मुलांच्या शिक्षणाचे कर्ज काढताना तिथेच काम अडते.