उघडे दार

पुण्यातील जुन्या वाड्यांचे दरवाजे दिवसभर उघडे असत. म्हणून वाटसरूने कुणाच्या माजघरात डोकवावे, असे आम्हांस कधी वाटले नाही.

डिसेंबर २०१६ मध्ये मुंबईच्या एका पॅथॉलॉजी प्रयोगशाळेतील हजारो रुग्णांचे अहवाल, एचआयव्ही चाचण्यांसह, इंटरनेटवर कुलुपावाचून पडलेले आढळले. कुणी भिंत फोडली नव्हती. गूगलसारखी शोधयंत्रे उघड्या पानांची नोंद ठेवतात. फाइलचा प्रकार किंवा शीर्षकातील नेमका शब्द सांगितला की अशी पाने पुढे येतात. पासवर्ड न बदललेले कॅमेरेही असेच सापडतात.

दोष कुणाचा? विश्वासाने सोपवलेले धन उघड्यावर टाकणाऱ्या रखवालदाराचा तर आहेच. पण पाहणारा 'दार उघडेच होते' एवढे म्हणून सुटतो काय? रुग्णाने संमती दिली नव्हती, आणि तिसऱ्याच्या निष्काळजीपणातून ती निर्माण होत नाही. ज्याच्या दृष्टीस पडले त्याने नजर वळवावी, दार लोटावे व घरधन्यास हाक द्यावी.

आमच्या धर्मग्रामाच्या नोंदीही आता संगणकावर जात आहेत. त्यांत कुटुंबांची सुखदुःखे आहेत. त्यांना कुलूप आहे ना, हे प्रथम आम्हीच पाहिले पाहिजे.