बचावाची हद्द, अपिलाची हद्द

पेणच्या खारपट्ट्यात बांधाला वेगळे महत्त्व आहे. बाहेरकाठ्याला, म्हणजे खाडीकडच्या बांधाला, खांड पडली की खाडीचे पाणी भातशेतीत शिरते आणि त्या जमिनीतून पुढे काही वर्षे नीट पीक येत नाही. रोह्याकडे कुंडलिकेच्या कालव्यावरची शेती पाण्याच्या पाळीवर चालते. बांध आणि पाणी यांवरून भाऊबंदकीतले तंटे कोकणाला नवे नाहीत. अशा तंट्यात एकाने कोयता उगारला, दुसऱ्याने काठी घातली आणि कोयतेवाला मेला, तर काठी घालणाऱ्याने जीव वाचवला की जीव घेतला? आणि सत्र न्यायालयाने त्याला निर्दोष सोडले, तर उच्च न्यायालयाने तो निकाल कधी फिरवावा? मला हे दोन्ही प्रश्न एकाच जातीचे वाटतात. बळ हाती असणाऱ्याने, मग तो शेतकरी असो वा सरकार, गरज संपते तिथे थांबले पाहिजे.

खासगी बचावाचा हक्क पूर्वी भारतीय दंड संहितेच्या कलम 96 ते 106 मध्ये होता. 1 जुलै 2024 पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम 34 ते 44 मध्ये आहे. शरीरावर हल्ला होऊन मृत्यूची किंवा जबर दुखापतीची रास्त भीती निर्माण झाली, तर हल्लेखोराचा जीव घेण्यापर्यंत हा हक्क जातो. प्रत्यक्ष वार अंगावर पडेपर्यंत वाट पाहावी लागत नाही. मालमत्तेसाठी मात्र मर्यादा कडक आहे. जबरी चोरी, रात्रीची घरफोडी, राहत्या घराला लावलेली आग अशा मोजक्या प्रसंगीच जीव घेणे क्षम्य ठरते. कोणी बांध कोरला किंवा पाणी वळवले म्हणून त्याला ठार मारण्याची मुभा कायदा देत नाही. बांध कोरणारा कोयता घेऊन अंगावर आला, तर प्रश्न बांधाचा उरत नाही, जिवाचा होतो.

हल्लेखोर पडला, हत्यार हातातून सुटले किंवा तो पळू लागला की हक्क संपतो. त्यानंतरचा घाव सुडाचा. पण जिवाच्या भीतीने थरथरणाऱ्या माणसाने प्रत्येक फटका तराजूत तोलून मारावा, अशी अपेक्षा न्यायालये ठेवत नाहीत. सद्भावनेने, सूडबुद्धी न धरता हद्द ओलांडली गेली, तर तो खून न ठरता सदोष मनुष्यवध ठरतो. शिवाय बचावाचा मुद्दा आरोपीला संशयातीत सिद्ध करावा लागत नाही. तो संभवनीय आहे एवढे दिसले तरी पुरते.

आता अपिलाकडे. पेण किंवा रोह्याच्या न्यायदंडाधिकाऱ्याकडून खुनाचा खटला सत्र न्यायालयात जातो. तिथले न्यायाधीश साक्षीदाराला समोर पाहतात, त्याचा अडखळता आवाज ऐकतात. मुंबईत उच्च न्यायालयापुढे येतात ते कागद. म्हणूनच ब्रिटिश काळातल्या सर्वोच्च अपील न्यायालयाने, म्हणजे प्रिव्ही कौन्सिलने, 1934 मध्ये शिवस्वरूप खटल्यात बजावले की, उच्च न्यायालयाला पुरावा नव्याने तपासण्याचा पूर्ण अधिकार आहे, पण साक्षीदार प्रत्यक्ष पाहिलेल्या न्यायाधीशाच्या मताला वजन दिलेच पाहिजे. निर्दोष सुटल्याने आरोपीच्या निर्दोषत्वाचे गृहीतक आणखी बळकट होते. पुराव्यातून दोन निष्कर्ष निघू शकत असतील, तर केवळ आपल्याला दुसरा पटतो म्हणून सुटकेचा निकाल उलटवता येत नाही.

याला दुसरी बाजूही आहे. 1973 मध्ये महाराष्ट्रातल्याच शिवाजी बोबडे खटल्यात सत्र न्यायालयाची सुटका उच्च न्यायालयाने रद्द केली होती आणि सर्वोच्च न्यायालयाने ती शिक्षा उचलून धरली. संशयाचा फायदा ताणत नेऊन अपराधी सोडणे हाही न्यायाचा पराभव आहे, असे न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी त्यात सांगितले. मेलेल्याच्या घरच्यांना 31 डिसेंबर 2009 पासून सुटकेविरुद्ध स्वतः अपील करण्याचा हक्क आहे आणि त्यासाठी आधी परवानगी घ्यावी लागत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 2018 मध्ये स्पष्ट केले. हा हक्क योग्यच आहे.

दोन्ही हद्दी एकत्र दिसतात त्या पंजाबातल्या दर्शनसिंग खटल्यात. सत्र न्यायालयाने बचाव मान्य करून आरोपीला सोडले, उच्च न्यायालयाने शिक्षा दिली आणि 15 जानेवारी 2010 रोजी सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडले. त्या क्षणाची भीती खरी होती का, हा एकच प्रश्न तीन न्यायालयांना सोडवावा लागला.

त्याचे उत्तर बहुतेकदा पहिल्याच दिवशी हरवते. आरोपीच्या अंगावरच्या जखमा नोंदवल्या जात नाहीत, पंचनाम्यात झटापटीची जागा नीट येत नाही. आरोपीच्या जखमांचा खुलासा सरकारी पक्षाने केला नाही, तर त्या पक्षाचीच कहाणी संशयास्पद ठरू शकते, हे लक्ष्मी सिंग खटल्याने 1976 मध्येच सांगितले आहे. म्हणून पोलीस ठाण्यातले अंमलदार आणि सरकारी दवाखान्यातले डॉक्टर यांना विनंती आहे: मेलेल्याच्या जखमा मोजता तितक्याच काळजीने जिवंत आरोपीच्याही मोजा. आणि सरकारने लोकक्षोभ पाहून नव्हे, निकालपत्रातली ठळक चूक दाखवता येत असेल तेव्हाच अपील करावे.