ज्यांना गेट नाही

लुमिएर बंधूंनी १८९५ साली ल्योनमध्ये कॅमेरा लावला तो स्वतःच्या कारखान्याच्या गेटसमोर. पाळी सुटली, कामगार बायका-पुरुष बाहेर पडले आणि मिनिटभराच्या आत फिल्म संपली. कामगारांवरचा माहितीपट तेव्हापासून गेटभोवतीच घुटमळतो आहे. भोंगा तिथे, हजेरी तिथे, गेट-मीटिंग तिथे. संप झाला की ठिय्याही तिथेच.

बीडच्या ऊसतोड कामगारावर फिल्म करायची, तर कॅमेरा लावायचा कुठे?

दसरा झाला की धारूर, वडवणी, शिरूर कासार, पाटोद्याकडची माणसं ट्रक-ट्रॅक्टरात बिऱ्हाड भरून सांगली, कोल्हापूर, कर्नाटकाकडे निघतात. त्यांनी तोडलेला ऊस कारखान्यात जातो, ती जात नाहीत. कारखान्याच्या मस्टरवर त्यांचं नाव नसतं. व्यवहार असतो मजूर पुरवणाऱ्या मुकादमाशी. मोजदाद माणसांत नाही, कोयत्यांत. नवरा-बायको मिळून एक कोयता, एकटा आला तर अर्धा.

मग कॅमेरा उसाच्या फडात शिरतो आणि तिथेच फसतो. फडात शॉट फुकट मिळतात. पहाटेचं दव, पाचटाची सळसळ, डोक्यावर मोळी घेऊन फळीवरून ट्रकमध्ये चढणारी बाई. तिच्या पावलागणिक फळी लवते आणि बघणाऱ्याचा श्वास अडकतो. आपण हळहळतो, टाळ्या वाजवतो, घरी जातो. कष्ट दिसले. ते सुटत का नाहीत, हे मात्र फडात दिसत नाही.

ते दिसतं पावसाळ्यात, गावातल्या ओट्यावर. पेरणी झालेली, हात रिकामा, पोरीचं लग्न ठरलेलं किंवा दवाखान्याचं देणं थकलेलं. मुकादम उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, देतो, वहीत आकडा मांडतो. पुढचे पाच-सहा महिने टनामागे ती फेडायची. कामावर खाडा झाला की दंड, तोही त्याच वहीत. हंगाम संपला आणि उचल फिटली नाही, तर पुढच्या वर्षीचा कोयता आत्ताच बांधला गेला.

या खाड्याच्या धाकाचं टोक म्हणजे बायकांनी गर्भाशयच काढून घेणं. अशा शस्त्रक्रियांवरून २०१९ मध्ये गदारोळ झाला, नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. बीडमधल्या ८२ हजारांवर ऊसतोड महिलांच्या पाहणीत १३,८६१ जणींची अशी शस्त्रक्रिया झालेली आढळली. हा आकडा पडद्यावर आणायचा म्हणून कुणा बाईच्या पोटावरचा व्रण दाखवायची गरज नाही. पाळीच्या दिवसांतला खाडा वहीत कसा उतरतो, तेवढं दाखवलं तरी पुरे.

हे दाखवायचं तर थांबावं लागतं. आनंद पटवर्धनांनी ‘जय भीम कॉम्रेड’साठी चौदा वर्षं चित्रीकरण केलं. शाहीर विलास घोगरे यांच्या १९९७ मधल्या आत्महत्येपासून सुरू झालेली ती फिल्म मोर्चा पांगल्यावरही माणसांसोबत थांबली. बीडची फिल्म करणाऱ्याने निदान एक पाडवा ते पुढचा पाडवा थांबावं.

नजर उचलीवर हवी, हे चळवळीलाही लागू आहे. जानेवारी २०२४ मध्ये तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ ठरली, त्या बैठकीचे फोटो छापून आले. टनाचा दर बैठकीत ठरतो, म्हणून त्याची बातमी होते. उचल ओट्यावर ठरते, तिचा साक्षीदार कुणी नसतो. आणि ‘कोयता बंद’ची, म्हणजे संपाची, हाक आली तरी उचल घेतलेला हात थांबवणं किती जड जातं, ते त्या हातालाच ठाऊक.

हा दिवाळी अंक तुमच्या हाती येईल तेव्हा बीडमधली ती गावं निम्मी रिकामी झालेली असतील. म्हाताऱ्यांच्या जिवावर दिवे लागतील. फिल्म झालीच, तर पुण्या-मुंबईच्या महोत्सवाची घाई नको. ती आषाढात दाखवावी, मुकादमाची वही उघडण्याच्या आधी, त्याच ओट्यासमोर चादर बांधून. ऊसतोड कामगाराचं गेट तेच आहे.